पाडण्याआधीचा पंचनामा

जुन्या नाशकातल्या एका वाड्यावरची सव्वीस मिनिटांची डॉक्युमेंटरी मध्यंतरी एका छोट्या सभागृहात दाखवली गेली. वाडा आता नाही. फिल्म करणारा मुलगा पंचविशीतला, एरवी लग्नांचं शूटिंग करून पोट भरणारा. दिवे लागल्यावर चर्चा सुरू झाली आणि दहा मिनिटांत तिचं भांडण झालं. एक गृहस्थ म्हणाले, २०२७चा सिंहस्थ तोंडावर आलाय, शहराचं रूप पालटतंय आणि तुम्ही पडक्या भिंती दाखवून नाशिकची बदनामी करताय. दुसरीकडून आवाज आला, अहो, वारसा वाचवा, असे सागवानी खांब पुन्हा मिळणार आहेत का? तिसऱ्याने विचारलं, ही फिल्म आहे की आंदोलनाचं पत्रक? या गदारोळात माझ्या पुढच्या रांगेतल्या एक काकू शेजारणीला हळूच म्हणाल्या, ‘‘खांब किती वेळ दाखवला गं. त्याला आमची कपडे वाळत घालायची दोरी होती, ती नाही दिसली.’’ त्याच वाड्यात त्यांनी एकेचाळीस वर्षं भाड्याने काढली होती. त्यांच्यापर्यंत माइक काही गेला नाही.

त्या संध्याकाळी मुद्द्याचं बोलल्या त्या काकूच, असं माझं मत आहे. विस्थापनावरची फिल्म बुलडोझर थांबवत नाही आणि तिने तो थांबवावा ही अपेक्षाच चुकीची आहे. ती एकतर्फी असते, हा आक्षेप खरा आहे पण बिनमहत्त्वाचा आहे. तिचं काम पंचनाम्याचं. जागा पडण्याआधी तिथे कोण राहत होतं, किती वर्षं, कुठल्या कागदाच्या आधाराने, याची तारीखवार आणि साक्षीदारांसकट नोंद. पूर ओसरला की सरकारी माणूस वही घेऊन दारात येतो, चिखल किती, भांडी किती गेली, कोठीतलं धान्य किती भिजलं हे लिहितो आणि पंचांच्या सह्या घेतो. त्या कागदात वाचण्यासारखं काही नसतं, पण भरपाईचं बोलणं सुरू होतं ते त्याच्यावरूनच. आपल्याकडच्या बहुतेक डॉक्युमेंटरी हे काम करत नाहीत. वाडा गेल्यावर येतात, सनईचे सूर लावतात आणि श्रद्धांजली वाहून जातात.

इंग्रजीत या प्रकाराला जेंट्रिफिकेशन म्हणतात. रूथ ग्लास या समाजशास्त्रज्ञ बाईंनी १९६४ साली लंडनबद्दल लिहिताना तो शब्द घडवला. इस्लिंग्टनसारख्या भागात कामगारांची मोडकळीला आलेली घरं सुखवस्तू लोक विकत घेतात, डागडुजी करतात, भाव चढतात आणि मूळच्या माणसांना तिथे राहणं परवडेनासं होतं. नाशकाला हा शब्द जसाच्या तसा लावला की घोटाळा होतो, कारण इथे सुखवस्तू लोकच आधी बाहेर पडले. तिवंधा, घनकर लेन, सोमवार पेठ इथली मालकमंडळी कधीच गंगापूर रोड, कॉलेज रोडला राहायला गेली. मागे उरले ते भाडेकरू, पोटभाडेकरू, तळमजल्यावरचे तांबट आणि शिंपी, घाटावर पथारी टाकणारे. आता त्या जागेला भाव आला आहे, आणि त्यांच्या जागी येणारा पुष्कळदा माणूसच नसतो. तो लॉज असतो, शोरूम असते, नाहीतर पार्किंग. आपल्याकडचे शब्दही वेगळे आहेत. रुंदीकरण, सुशोभीकरण, पुनर्विकास, आणि सगळ्यांत वजनदार, ‘धोकादायक’. यातल्या एकाही शब्दात राहणारा माणूस कर्ता नाही आणि कर्मही नाही. वारसावाल्यांचं चुकतं ते इथेच. खांबासाठी हळहळणारे बरेचसे वाडा सोडून गेलेल्यांचे नातू-पणतू असतात. त्यांची हळहळ खोटी नाही, पण त्या खांबाला दोरी बांधणारे लोक वेगळे होते.

हे मी त्रयस्थपणे लिहीत नाही. भद्रकालीच्या मागे एका वाड्यात आमच्या दोन खोल्या होत्या, भाडं अठरा रुपये. एके वर्षी मालकाने भाडं घेणंच बंद केलं. भाडं थकलं असं दाखवून खोली रिकामी करून घ्यायची, ही जुनी युक्ती. मग वडील दर महिन्याला पोस्टात जाऊन भाड्याची मनीऑर्डर करायचे. आठ-दहा दिवसांनी ती ‘घेण्यास नकार’ असा शेरा घेऊन परत यायची. अठरा रुपये घरखर्चाला जायचे आणि तो कागद बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात. असे सात वर्षांचे कागद साठले. पुढे वाड्याला नोटीस लागली, प्रकरण कोर्टात गेलं, तेव्हा वकिलांनी आईला विचारलं, घराचा एखादा फोटो आहे का? फोटो एकच होता, मोठ्या बहिणीच्या साखरपुड्याचा. त्यात आमचं घर म्हणजे पाहुण्यांच्या खांद्यामागून दिसणारा अर्धा कोनाडा. तडजोडीत आमच्या हाती जे काही आलं ते त्या डब्यामुळे. आमच्या गल्लीत तयार झालेली सगळ्यांत चांगली डॉक्युमेंटरी मी त्या डब्यालाच म्हणतो. वडिलांनी ती कॅमेऱ्याशिवाय केली.

आता समोरच्यांचं म्हणणं. ते हलकं नाही. २७ ऑगस्ट २००३ रोजी, सिंहस्थाच्या पर्वणीला, सरदार चौकाजवळ चेंगराचेंगरी झाली आणि ३९ माणसं गेली. तो उतार आणि ते बोळ ज्याने पाहिलेत त्याला रुंदीकरणाला सरसकट विरोध करणं जड जातं. नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतो, आणि नदीपात्रातला दुतोंड्या मारुती बुडाला की गंगा भांडी बाजारात, सराफ बाजारात शिरली हे त्याला कुणी सांगावं लागत नाही. २००८, २०१६, २०१९चे पूर ही साल मोजायची खूणच झाली आहे. पावसाळ्यात कुठल्या ना कुठल्या वाड्याची भिंत ढासळल्याची बातमी येतेच. आणि वाड्यातल्या एकोप्याचे गोडवे गाणाऱ्यांनी अकरा बिऱ्हाडांत दोन संडास हा हिशोब एक पावसाळा जगून बघावा. वाडा सुटल्यावर माझी आई तीन दिवस रडली. चौथ्या दिवशी ती नव्या घरातल्या संडासाचं दार उगाचच उघडून बंद करून बघत होती. मालकांचंही ऐकायला हवं. १९४७च्या भाडे कायद्याने भाडी जिथल्या तिथे गोठली, १९९९च्या कायद्याने वर्षाला चार टक्के वाढ दिली. अठरा रुपयांचे चार टक्के म्हणजे बहात्तर पैसे. बहात्तर पैशांत कौल बदलून होत नाहीत. एकेका वाड्याला पंधरा-वीस वारसदार, त्यातला एखादा पुण्यात, एखादा अमेरिकेत, आणि नोटीस येते ती मागे राहिलेल्या म्हाताऱ्या चुलत्याच्या नावाने. तो खलनायक नसतो, आणि त्याला तसं रंगवणाऱ्या फिल्मा मला आवडत नाहीत.

पण एवढं सगळं मान्य करून सिद्ध काय होतं? भिंत धोकादायक आहे, इतकंच. भिंतीबरोबर आत राहणाऱ्याचा हक्कही पाडावा, हे त्यातून कसं निघतं? रस्ता रुंद व्हावा की न व्हावा या वादात आपण इतके गुंततो की खरा प्रश्न बाजूला पडतो. रस्ता रुंद झाल्यावर कोण कुठे गेलं, आणि त्याचं नाव कुठल्या यादीत होतं? नोव्हेंबर २०२५मध्ये सिंहस्थात साधूंना राहायच्या साधुग्रामासाठी तपोवनातली झाडं तोडायचा विषय निघाला आणि गावभरचे कॅमेरे तिकडे धावले. धावले ते बरंच झालं, मीही गेलो होतो. पण तिथे उभं असताना एक गोष्ट टोचत राहिली. शहरातलं झाड तोडायचं तर १९७५चा कायदा आहे, जाहीर नोटीस आहे, हरकती आहेत, झाड कुठल्या जातीचं आणि बुंधा किती हेसुद्धा मोजलं जातं. वाड्याच्या मागच्या पडवीत भाड्याच्या पावतीशिवाय पंचवीस वर्षं राहिलेल्या बाईची एवढी मोजदाद कोण करतं? पोटभाडेकरू कागदावर सापडत नाही. ओट्यावर बसून शिलाई मशीन चालवणारा तर त्याहून नाही. झाडाच्या बुंध्यावर निदान आकडा तरी रंगवलेला असतो.

फिल्मवाल्यांना आणखी एक टोमणा नेहमी मारला जातो, की गरिबांच्या हालअपेष्टा टिपून हे लोक महोत्सवांत बक्षिसं घेतात. यातही तथ्य आहे. डॉक्युमेंटरीकार आनंद पटवर्धनांचा ‘हमारा शहर’ १९८५चा, मुंबईतल्या पाडापाडीवरचा. त्यात झोपडी मोडलेली एक बाई कॅमेऱ्यालाच फैलावर घेते. आमचे फोटो काढून नाव तुमचं होणार, आमचं काय, असा तिचा सूर. पटवर्धनांनी तो प्रसंग कापला नाही, यातच त्यांची जात कळते. पुढच्याच वर्षी नरिमन पॉइंटजवळच्या संजय गांधी नगरवर हातोडा पडला, तेव्हा ते आणि शबाना आझमी वस्तीतल्या लोकांबरोबर उपोषणाला बसले आणि वस्तीला गोरेगावात पर्यायी जागा मिळाली. जागा मिळाली ती उपोषणामुळे, फिल्ममुळे नव्हे. हे फिल्मचं अपयश मानायचं कारण नाही. दोन्ही कामं एकाच माणसाला करावीशी वाटली, पण त्याने त्यांची गल्लत केली नाही. त्या बाईच्या प्रश्नाला उत्तर द्यायला तो कॅमेरा खाली ठेवून रस्त्यावर बसला.

आणि ज्यांना तटस्थ फिल्म हवी आहे त्यांनी एक जुनं उदाहरण बघावं. १९३५ साली ब्रिटनमध्ये ‘हाउसिंग प्रॉब्लेम्स’ नावाची डॉक्युमेंटरी आली. लंडनमधल्या स्टेपनीचे गरीब भाडेकरू आपापल्या खोलीत उभे राहून कॅमेऱ्याकडे बघत बोलतात. कुणी वाकलेल्या जिन्याचं, कुणी उंदरांचं. साध्या माणसाने पडद्यावर स्वतःच्या तोंडाने बोलावं, ही तेव्हा नवलाची गोष्ट होती. आव सगळा सत्यकथनाचा, आणि त्या बायका बोलतात ते खरंच. पण फिल्मला पैसे दिले होते गॅस कंपन्यांच्या संघटनेने, कारण झोपडपट्ट्या हटून नवी घरं झाली की तिथे गॅसची शेगडी जाणार. जुन्या घराचं रडगाणं भाडेकरूंच्या तोंडी, आणि नवीन घर कसं असावं, वस्ती कशी हटवावी हे सांगायला तज्ज्ञ आणि नगरसेवक. कुणाला बोलू दिलं याइतकंच, कशाबद्दल बोलू दिलं हेही महत्त्वाचं असतं. आजकाल शहरविकासाच्या चकचकीत प्रचारफिती ड्रोनने घेतलेल्या असतात. इतक्या उंचीवरून घाट दिसतो, दिवे दिसतात, दोरी दिसत नाही. त्यांना एकतर्फी म्हणायला त्या सभागृहातला एकही जण उभा राहिला नसता.

कागद आणि फोटो यांची ताकद सरकारला आपल्यापेक्षा चांगली कळते. फूटपाथवर राहणाऱ्यांच्या खटल्यात, ऑल्गा टेलिस खटला म्हणून तो ओळखला जातो, सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग असल्याचं मान्य केलं. सरन्यायाधीश होते यशवंतराव चंद्रचूड. निकालाचं एवढंच वाक्य भाषणांत येतं. त्याच निकालाने पाडापाडीला परवानगीही दिली, आणि पर्यायी जागा कुणाला द्यायची हे सांगताना बोट ठेवलं ते १९७६च्या गणनेवर. गणनेत ज्याचं नाव, त्याला जागा. ज्याच्या झोपडीपाशी त्या दिवशी गणनावाला पोहोचला नाही, त्याचं काय झालं असेल? त्या गणनेनंतरच महाराष्ट्रात फोटोपास आला. कुटुंबाचा फोटो चिकटवलेला तो कार्डाचा तुकडा लोकांनी प्लास्टिकच्या पिशवीत घालून दागिन्यांबरोबर जपला. मग १ जानेवारी १९९५, मग १ जानेवारी २००० अशा पात्रतेच्या तारखा आल्या आणि सगळा झगडा एका प्रश्नावर येऊन थांबला: त्या तारखेला तू इथे होतास, हे दाखव. महाराष्ट्रात घरं राखायला सगळ्यांत जास्त उपयोगी पडलेलं छायाचित्र कुठल्याही कलावंताने काढलेलं नाही. ते फोटोपासवरचं आहे, बहुतेक अंधारलेलं, एखाद्या मुलाचे डोळे मिटलेले.

इथे एक गोष्ट स्वतःच्या बाजूलाही ऐकवली पाहिजे. जुनं गाव वाचवा म्हणताना कुणाचं गाव, हे विचारावं लागतं. २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. बाबासाहेब आंबेडकर, दादासाहेब गायकवाड आणि हजारो माणसं दाराबाहेर उभी राहिली, आणि गावाने ते दार वर्षानुवर्षं उघडलं नाही. आज कॅमेऱ्यात सुंदर दिसणाऱ्या त्याच दगडी गल्ल्या तेव्हा काही लोकांना बंद होत्या. म्हणून ‘आमचं जुनं नाशिक’ असं म्हणत उसासे टाकणारी फिल्म मला निम्मीच खरी वाटते. वाड्याच्या चौकातून माजघरापर्यंत कोण जाऊ शकत होतं, नळावर पाणी कुणाला आधी मिळायचं, हे जी फिल्म विचारत नाही ती पुनर्विकासवाल्याइतकीच सोयीची माणसं निवडते. पंचनाम्यात तसं करता येत नाही. तिथे खोलीगणिक जावं लागतं.

खोलीगणिक जायचं तर वेळेवर जावं लागतं. आपल्या जिल्ह्यात, त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी एक चिमुकली फिल्म केली होती. कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला आणि तो उगवेपर्यंत महिनाभर थोडं थोडं चित्रण करत राहिले. भांडवल घालणाऱ्याला पटवायला मिनिटाभराची फिल्म तयार झाली. भारतीय सिनेमाची सुरुवात एका अर्थाने वाट बघण्यापासून आहे. आमचे कार्यकर्ते आणि फिल्मवाले मात्र जेसीबी आल्याचा मेसेज आल्यावर निघतात. त्या दिवशी मिळतं काय? रडणं, पोलिसांची रेटारेटी, धुरळा. रडणाऱ्या बाईचा क्लोजअप कोर्टात कशाचाच पुरावा नाही. त्याच बाईने सहा महिने आधी, शांतपणे, आपल्या दारात उभं राहून विजेचं मीटर, रेशनकार्ड आणि भाड्याच्या पावत्या एकामागून एक कॅमेऱ्याला दाखवल्या असत्या तर तो झाला असता.

त्यात एक तांत्रिक गोम आहे. जुन्या पुरावा कायद्यातलं कलम ६५ब आणि १ जुलै २०२४पासून त्याच्या जागी आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमातलं कलम ६३ यांनुसार अशा डिजिटल चित्रीकरणाबरोबर प्रमाणपत्र जोडावं लागतं. कुठल्या यंत्रावर, कुणाच्या ताब्यात, कसं तयार झालं. म्हणजे संगीत घातलेली, रंग सुधारलेली, कापून जोडलेली सव्वीस मिनिटं तिथे फारशी कामाची नाहीत. कामाचं असतं ते कच्चं फुटेज, मूळ फाइल, जशीच्या तशी. आणि आपण नेमकं तेच टाकून देतो. एडिटिंग झालं, फिल्म एक्स्पोर्ट झाली, की हार्ड डिस्क रिकामी करून पुढच्या कामाला घेतात. माझं म्हणणं विचित्र वाटेल, पण विस्थापनावर फिल्म करणाऱ्याला मी आधी विचारेन की कच्चं फुटेज कुठे ठेवलंय आणि त्याची एक प्रत राहणाऱ्यांकडे आहे का. फिल्म चांगली झाली का, हा प्रश्न त्यानंतरचा. भाडेकरूंनी ती प्रत पुढे कोर्टात द्यावी, नातवंडांना दाखवावी, नाहीतर पेटीत ठेवावी. मालकी त्यांची. कलावंताच्या स्वातंत्र्यावर ही गदा आहे असं कुणी म्हणेल. असेल थोडी. दुसऱ्याच्या घरात शिरून स्वातंत्र्य गाजवायचं तर चप्पल दाराबाहेर काढावी लागते.

त्या संध्याकाळी मी त्या मुलाला बाहेर गाठलं. आक्षेपांनी तो बराच खचला होता. किती शूटिंग केलं होतंस, विचारलं. ‘‘अकरा तासांचं असेल काका,’’ तो म्हणाला, ‘‘पण डिस्क भरलीय, सोमवारी लग्नाची ऑर्डर आहे, उडवणारच होतो.’’ उडवू नकोस म्हटलं आणि कोपऱ्यावरच्या दुकानातून तेव्हाच नवी डिस्क घेऊन दिली. पुढच्या रविवारी आम्ही दोघं काकूंकडे गेलो. काकू आता आपल्या मुलाबरोबर पाथर्डी फाट्याला चौथ्या मजल्यावर राहतात. सुनेने चहा ठेवला. लॅपटॉप डायनिंग टेबलवर उघडला आणि त्याने फिल्ममध्ये न घेतलेले तुकडे एकेक लावायला सुरुवात केली. बराच वेळ नुसते जिने, कबुतरं, मुलाचा स्वतःचाच खोकला. मग चौक आला, खांब आला आणि खांबाला बांधलेली निळी नायलॉनची दोरी, तिच्यावर दोन परकर, एक टॉवेल. मला वाटलं काकूंचे डोळे भरतील. त्यांनी चष्मा वर केला, पडद्याजवळ वाकल्या आणि म्हणाल्या, ‘‘थांबव, थांबव. ते मागे दाराशेजारी कालनिर्णय आहे ना, कुठला महिना दिसतोय? आणि जरा मोठं कर बाळा, मीटरचा नंबर वाचता येतोय का बघ.’’